निळ्या शाईची सलवार

राजिवडा, रत्नागिरी
१२ सप्टेंबर १९६४

यूनुस होडेकर यांना,

सलाम. हे पत्र तुमच्याआधी आमचे अब्बा वाचणार आहेत, आणि तुमचं उत्तरही माझ्याआधी तेच वाचतील. तेव्हा आपण दोघांनी मिळून त्यांची थोडी करमणूक होईल एवढं तरी बघू.

तुमच्या आईनं, शहरबानूखालांनी, तुमच्यासाठी मला लग्नाचा पैगाम पाठवला आहे. तुम्हांला ठाऊक असेलच. नसेल तर मुबारक. मी इथल्या मुलींच्या शाळेत शिकवते. वय सत्तावीस, म्हणजे आमच्या मोहल्ल्याच्या मतानं मी आतापर्यंत दोन पोरांची आई होऊन जाडी व्हायला हवी होते. त्यातलं फक्त शेवटचं जमलं आहे. यापूर्वी दोन स्थळं आली होती. पहिल्यानं विचारलं, सांदणं येतात का? मी म्हटलं, खाता येतात. दुसऱ्यानं माझी बी.ए.ची डिग्री ऐकली, पाणी प्यायला आणि उठला. चहाला थांबलासुद्धा नाही.

या खेपेला अब्बा म्हणाले, "काय विचारायचं ते तूच विचार त्याला. मागाहून मला, खैरुद्दीन मास्तरला, बोल लावू नकोस." म्हणून विचारते. मला रशियन बॅले फार आवडतो. या शतकाच्या सुरुवातीला रशियातून निघालेल्या त्या नाचानं म्हणे साऱ्या युरोपला वेड लावलं होतं. त्याबद्दल तुमचं काय मत आहे? माझा एवढाच प्रश्न आहे.

तुमचं अक्षर मला ओळखीचं आहे. तुमच्या खोलीतल्या गनीभाईंना लिहिता येत नाही आणि इथं त्यांच्या बायकोला, मरियमबींना, वाचता येत नाही. तिकडे तुम्ही लिहिता, इकडे मी वाचून दाखवते. गनीभाईंच्या दुखऱ्या गुडघ्याची बित्तंबातमी गेली तीन वर्षं मला तुमच्याच अक्षरात मिळते आहे. वेलांट्या तुमच्या चांगल्या आहेत.

हमीदा


शारजा
७ ऑक्टोबर १९६४

मास्तरसाहेबांना आदाब, आणि त्यांचं वाचून झालं की हमीदाबाईंना सलाम.

तुमचं पत्र आलं त्या संध्याकाळी रशियन बॅलेबद्दल माझं मत एवढंच होतं की तो खायचा पदार्थ नसावा. खोलीत विचारलं. रफिक म्हणाला, केसांना लावायचं तेल असेल. गनीभाई इंग्रजांच्या छावणीत खानसामा आहेत. ते म्हणाले, "रशियन सॅलड मैं बनाता है. बॅले का ऑर्डर अभी तक नहीं आया."

मी त्याच छावणीत स्टोअर क्लार्क आहे. विमानतळाला लागून आमचं गोडाऊन, आणि गोडाऊनच्या मागं एका खोलीत लायब्ररी. ती सांभाळतात मिसेस कोलमन, एका इंजिनियर ऑफिसरची बायको. छावणीतल्या पोरींना त्या नाच शिकवतात हे मला माहीत होतं. नाचाच्या बुटांची पेटी माझ्याच गोडाऊनमधून गेली होती, आणि मी ती 'मुलांची पादत्राणे, नाजूक' म्हणून रजिस्टरात चढवली होती. मी दारात उभं राहून विचारलं, "मॅडम, रशियन बॅले म्हणजे काय?" त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. मग म्हणाल्या, इथं आल्यापासून पंखा का बंद आहे यापलीकडे मला कोणी काही विचारलेलं नाही. बस खाली.

त्यांनी दियागिलेव्ह नावाच्या माणसाची गोष्ट सांगितली. याला गवई व्हायचं होतं, संगीत रचायचं होतं. उस्तादानं सांगितलं, तुझ्यात ते नाही. चित्रं काढता येईनात. नाचायचं तर अंगानं तो भलताच भारदस्त. मग यानं काय केलं, तर ज्यांना हे सगळं येतं त्यांना गोळा केलं. चितारी, वादक, नाचणारे, सगळे रशियातून उचलले आणि १९०९ साली पॅरिसमध्ये नेऊन उभे केले. लोक वेडे झाले. पुढं रशियात क्रांती झाली आणि हा कधी घरी गेलाच नाही. नाव रशियन बॅले, पण तो ताफा रशियात एकदाही नाचला नाही. हे ऐकून मला आमची खोली आठवली. सगळे रत्नागिरीचे, आणि रत्नागिरीत कोणीच नाही.

आणखी एक. त्याला पाण्याची भयंकर भीती. पाण्यावर मरशील असं कोणीतरी भविष्य सांगितलं होतं म्हणून बोटीत केबिनबाहेर पाऊल टाकत नसे. मी होडेकर. बापजाद्यांनी गलबतं हाकली, आणि मी मुंबईपासून मस्कतपर्यंत मांडीवर बादली घेऊन बसतो. तेव्हा नाच मी पाहिलेला नाही, पण हा माणूस मला पटला. एवढं मत चालेल का?

आपला, यूनुस


राजिवडा
३० ऑक्टोबर १९६४

यूनुस यांना,

तुमचं पत्र मला दोन दिवस उशिरा मिळालं, कारण अब्बा ते ओट्यावर घेऊन बसले होते. दियागिलेव्हला आता राजिवड्यात सगळे ओळखतात. मच्छीवाला अजीज तर रोज विचारतो, "त्या रशियाच्या शेठचं पुढं काय झालं?" काय झालं? पाण्यावरच मेला का? कळवा, इथं लोक खोळंबले आहेत.

मला वाटलं होतं तुम्ही लिहाल, 'बॅले चांगला आहे, घरकाम येतं का?' तुम्ही उठून शोधत जाल असं वाटलं नव्हतं. तेव्हा आता माझंही ज्ञान सांगून टाकते. रशियाहून गुळगुळीत कागदाची मासिकं येतात ना, फुकटच्या भावात? आम्ही शाळेत त्यांची पानं वह्यांना कव्हर म्हणून घालतो. माझ्या हजेरीपटाला जे पान आलं, त्यावर एक नाचणारी बाई हवेत उडाली आहे. पाय असे पसरलेत की खाली जमीन असेल का, याची तिला फिकीरच नाही. मी रोज सकाळी वर्गात जाऊन पस्तीस मुलींची नावं घ्यायच्या आधी तिच्याकडे बघते. माझा बॅलेचा अभ्यास संपला.

आमच्या हेडमिस्ट्रेस मैमुनाबी म्हणाल्या, "हमीदा, ही उघड्या मांड्यांची बाई शाळेत चालणार नाही." पान फाडायचं जिवावर आलं. म्हणून मी निळ्या शाईनं तिला सलवार काढली, घोट्यापर्यंत, चांगली घेरदार. मैमुनाबींनी चष्मा लावून बघितलं आणि मंजुरी दिली. आता ती सलवार घालून उडते. चित्रकलेत मला कधी पस्तीसच्या वर मार्क नव्हते, ते तिच्या डाव्या पायाकडे बघून कोणालाही कळेल.

अब्बा विचारतात, अ‍ॅना पावलोवा म्हणून कोणी नाचणारी बाई मुंबईला आली होती, ती यातलीच का? त्या साली ते मुंबईत ट्रेनिंग कॉलेजला होते. म्हणतात, "आणि मला कोणी सांगितलं नाही!" सांगितलं असतं तरी गेले नसते. पण आता त्यांची हळहळ रोज ऐकावी लागते, ती तुमच्यामुळं.

हमीदा


शारजा
२२ नोव्हेंबर १९६४

हमीदाबाई,

पत्राला उशीर झाला. छावणीच्या लॉरीबरोबर माल घेऊन खोर फक्कानला गेलो होतो. वाटेत डोंगरातल्या नाल्यात लॉरी रुतली, आणि ड्रायव्हर 'यल्ला यल्ला', म्हणजे चला चला, म्हणत ढकलायला आम्हांलाच उतरवत होता.

अजीजला सांगा, शेठ व्हेनिसमध्ये वारला. ते शहरच पाण्यावर आहे. आणि मास्तरसाहेबांना सांगा, पावलोवा सुरुवातीला याच ताफ्यात होती. मग तिनं स्वतःची मंडळी काढली आणि जगभर फिरली, त्यात मुंबईही आली.

तुमच्या सलवारीची गोष्ट मी मिसेस कोलमनना सांगितली. त्या इतक्या हसल्या की लायब्ररीतला एक सोल्जर पुस्तक ठेवून निघून गेला. मग त्यांनी एक मोठं पुस्तक काढलं. त्यात त्या ताफ्याच्या पहिल्या वर्षांची चित्रं आहेत. बादशहा, त्याचा जनाना, पहारेकरी, आणि सगळ्यांच्या अंगात काय, तर घेरदार सलवारी! घोट्याशी चुण्या, कमरेला शेला, डोक्याला फेटा. रंग असे की आपल्याकडच्या मुहर्रमच्या ताबुतांनी मान खाली घालावी. सांगतात की तो नाच बघून पॅरिसच्या बड्या बायका सलवारी घालून आणि फेटे बांधून मेजवान्यांना जायला लागल्या. म्हणजे आपल्या बाजूच्या सलवारी रशियनांनी नेल्या, त्यांच्याकडून पॅरिसनं घेतल्या. तुम्ही काढलीत ती चूक नाही. पन्नासेक वर्षं उशीर झाला एवढंच.

आता वाईट बातमी. नाताळच्या आधी छावणीतल्या पोरींचा कार्यक्रम आहे. मिसेस कोलमननी याच बादशाही नाचाचा एक तुकडा बसवला आहे आणि त्यांना एक पहारेकरी हवा आहे. त्यानं फक्त हाताची घडी घालून उभं राहायचं, हलायचं नाही. सोल्जरांना विचारलं तर ते हसतात. मग त्यांची नजर माझ्यावर पडली. "यूनुस, यू आर परफेक्ट." जन्मात पहिल्यांदा मला कोणी परफेक्ट म्हटलं, ते न हलण्यासाठी. मी 'यस मॅडम' म्हणून बसलो. आता दिवसभर गोडाऊनमध्ये न हलायची प्रॅक्टिस करतो. साहेब म्हणाले, तुझ्या कामात काही फरक दिसत नाही.

तुमची हरकत असेल तर कळवा. उत्तर येईपर्यंत कार्यक्रम होऊन गेलेला असेल, हे मला समजतं. तरी विचारतो आहे.

यूनुस


राजिवडा
१४ डिसेंबर १९६४

यूनुस यांना,

हरकत नाही. उभे राहा, आणि बादली जवळ ठेवू नका.

मी मुंबईच्या माझ्या जुन्या प्रोफेसरबाईंना पत्र घालून पावलोवाबद्दल विचारलं. त्यांचं लांबलचक उत्तर आलं. पावलोवा इथं आली तेव्हा तिला आपला नाच बघायचा होता. ती विचारत फिरली आणि आपले लोक खाली मान घालून उभे राहिले. चांगल्या घरात नाचाचं नावही काढायचं नाही, असे ते दिवस. शेवटी ती अजिंठ्याला गेली आणि लेण्यांतल्या भिंतींवरचे हात-पाय बघून आली. पुढं लंडनमध्ये तिनं चित्रकला शिकणाऱ्या एका आपल्याच मुलाला हाताशी धरून हिंदी नाच बसवले. तो मुलगा मोठा नर्तक झाला. आणखी एका बाईंना तिनं सांगितलं, तू तुझ्या देशाचा नाच शोध. त्यांनी तो शोधला, आणि आज चांगल्या घरच्या मुली राजरोस शिकतात. म्हणजे बाहेरची बाई येऊन विचारेपर्यंत आपल्या घरात काय आहे ते आपल्याला बघावंसं वाटलं नाही.

मीही वर्षानुवर्षं त्या पानाकडे बघते, पण ही नाचते ते कुठून आलं, कोणी शिकवलं, कुठं पोचलं, हे मला कधी विचारावंसं वाटलं नाही. तुम्ही विचारलंत म्हणून मी विचारलं.

सध्या पोस्टमन दिसला की मी शाळेच्या खिडकीशी जाते. मुलींच्या हे लक्षात आलं आहे. माझी मास्तरकी फार दिवस टिकेल असं दिसत नाही.

हमीदा

(अब्बांनी खाली लिहायला सांगितलं आहे: पहारेकऱ्यानं छाती पुढं काढून उभं राहावं.)


शारजा
२८ डिसेंबर १९६४

हमीदाबाई,

कार्यक्रम झाला. त्याचं वर्णन गनीभाईंनी मरियमबींना लिहवलेल्या पत्रात आहे. ते याच डाकेनं निघालं आहे आणि ते तुम्हीच वाचणार. त्यातला एक शब्दही मी बदललेला नाही.

माझी बाजू तुम्ही विचारलीत तर सांगेन. नाही विचारलीत तरी समजेन.

यूनुस


राजिवडा
२४ जानेवारी १९६५

यूनुस,

हे पत्र अब्बांनी वाचलेलं नाही. मी स्वतः जाऊन पोस्टात टाकलं. उत्तर शाळेच्या पत्त्यावर पाठवा.

गनीभाईंचं पत्र रमजानात आलं. दुपारची वेळ, मरियमबींच्या पडवीत मोहल्ल्यातल्या बायका जमलेल्या. रोजा होता, वेळ जात नव्हता, तेव्हा पत्र म्हणजे मेजवानीच. मैमुनाबीसुद्धा होत्या. मी मोठ्या तोऱ्यात वाचायला बसले, कारण अक्षर तुमचं. गुडघा झाला, थंडी झाली, आणि पुढची ओळ मला तोंडानं म्हणायच्या आधी डोळ्यांना दिसली: 'अपना यूनुस गोऱ्या मडमेबरोबर अर्ध्या चड्डीत नाचला, आणि सगळ्या साहेबलोकांसमोर त्यानं तिला मिठीत उचललं.'

गिळता आली असती ती ओळ. मरियमबींना काय कळणार होतं? पण लिहिणाऱ्याला ती गाळायची माझ्याहून जास्त गरज होती, आणि त्यानं गाळली नव्हती. मग वाचणारीनं का गाळावी? मी वाचली. शेवटपर्यंत वाचली. कोणीतरी पोट धरून हसलं, कोणी तोबा तोबा केलं. मैमुनाबी एवढंच म्हणाल्या, "आणि मी तिच्या सलवारीला मंजुरी देऊन बसले!"

इफ्तारच्या आत बातमी मशिदीत पोचली. अब्बा रात्री तरावीहची नमाज पढून आले ते सरळ झोपले, आणि सकाळी शहरबानूखालांना निरोप पाठवला की हा पैगाम खलास समजा. म्हणतात, "नाचला त्याचं काही नाही. लोकांनी माझ्याआधी ऐकलं." पण तेवढंच नाही. गेले तीन महिने ते तुमचं कौतुक ओट्यावर सांगत होते, आता त्याच ओट्यावर बसायची चोरी झाली आहे.

एक गोष्ट मलाही सांगायला हवी. तो बॅलेचा प्रश्न मी तुम्हांला पळवून लावायला विचारला होता. तुम्ही पळाला असतात तर आज मी मजेत असते. आता जेवण जात नाही आणि रमजान आहे म्हणून कोणाला कळत नाही. शिकल्यासवरल्या बाईचं हसं झालं आहे, आणि ते मी स्वतःच केलं आहे.

तुमची बाजू सांगा. मी विचारते आहे.

हमीदा


शारजा
१२ फेब्रुवारी १९६५

हमीदाबाई,

मास्तरसाहेबांना न सांगता लिहायचं माझ्या जिवावर येतं. पण तुम्ही विचारलंत.

माल आला त्या खोक्यांच्या फळ्या जोडून स्टेज केलं होतं. त्यावर वाऱ्यानं वाळू येत होती. झाडून झाडून मी थकलो, मग फेटा बांधून उभा राहिलो. वर बिनबाह्यांची जाकिटासारखी बंडी, खाली घोट्यापर्यंत सलवार, तुम्ही काढलीत त्याहून घेरदार. पोरी नाचल्या, मी हललो नाही. माझ्या नाकावर माशी बसली, मी हललो नाही. मास्तरसाहेबांचा निरोप तोवर आला नव्हता, पण छाती आपोआप पुढं आली होती, घाबरल्यामुळं.

शेवटचा तुकडा मिसेस कोलमन स्वतः नाचल्या. लहानपणी लंडनमध्ये त्या एका म्हाताऱ्या रशियन बाईकडे शिकत. ती क्रांतीत देश सोडून आलेली होती आणि एका थंड तळघरात पोरींना छडी घेऊन नाचवायची. लग्नानंतर मिसेस कोलमन लोकांसमोर नाचल्याच नव्हत्या. हमीदाबाई, मला नाचातलं काही कळत नाही. पण त्या नाचायला लागल्या आणि पंखा का बंद आहे असं ज्यांना विचारतात ती बाई तिथं राहिलीच नाही. मी न हलता बघत होतो आणि माझ्या डोळ्यांत पाणी आलं. ते पुसता येत नव्हतं, कारण हाताची घडी.

मग वाळूवरून त्यांचा पाय सटकला. स्टेजच्या कडेला, माझ्या समोरच. खाली लोखंडी खुंट्या होत्या. मी हललो आणि धरलं. बस. साहेबलोकांना वाटलं हे नाचातलंच आहे, त्यांनी टाळ्या वाजवल्या. कोलमनसाहेबांनी येऊन हात मिळवला. मिसेस कोलमन म्हणाल्या, तू जन्मजात वाईट पहारेकरी आहेस, थँक गॉड.

गनीभाई किचनच्या दारात, उंच सोल्जरांच्या मागं उभे होते. त्यांना माझी फक्त वरची बाजू दिसली. पत्र लिहवताना ते अर्ध्या चड्डीवर आले तेव्हा मी थांबलो. म्हटलं, गनीभाई, पायघोळ सलवार होती. ते म्हणाले, "ऊपर इतना खुला था, तो नीचे क्या होगा, मैं समझता नहीं क्या?" मी पुन्हा सांगितलं. तेव्हा म्हणाले, "देख यूनुस, खत मेरा है. तेरे खत में तू सलवार पहन."

ते पत्र तुम्ही वाचणार हे मला माहीत होतं. रात्रभर नाही, पण बराच वेळ टाक हातात धरून बसलो. ही खोलीतली माणसं बायकोशी बोलायचं ते माझ्या हातात देतात. मी एकदा माझ्या सोयीचं वाक्य गाळलं, तर उद्या त्यांच्या कोणत्या पत्रात काय खरं ते मलाही सांगता येणार नाही. म्हणून लिहिलं. वेलांट्यासुद्धा नीट दिल्या. माझ्यासारखा गाढव शारजात दुसरा नाही, असं रफिकचं मत आहे, आणि तो अरबांच्या गाढवांवरून पाण्याचे पिंप वाहून आलेला माणूस आहे.

मास्तरसाहेब जे ठरवतील ते बरोबर. मला तुमच्याशी लग्न करायचं होतं. अजूनही करायचं आहे. हे एकदा तरी स्पष्ट लिहायला हवं होतं, बॅलेच्या मागं लपायला नको होतं.

यूनुस


राजिवडा
८ मार्च १९६५

यूनुस,

तुमचं पत्र शाळेत मिळालं. पाचवीचा तास मी वर्गाला निबंध लिहायला देऊन खिडकीत काढला. मग तशीच शेजारच्या कर्ल्याला, तुमच्या घरी चालत गेले. मुलीनं मुलाच्या घरी आपल्या पायांनी जायचं नसतं, आणि पैगाम मोडल्यावर तर नाहीच नाही. वाटेत जे भेटले त्या सगळ्यांना मी आपण होऊन सलाम केला, म्हणजे मागाहून कोणाला शोधून काढायचा त्रास नको.

शहरबानूखाला सांधे धरून पडवीत बसल्या होत्या. मला बघून रडायलाच लागल्या. म्हणाल्या, "माझा मुलगा घरच्या लग्नात ढोल वाजला तरी परसात जाऊन उभा राहायचा. तो कसा नाचेल गं?" मी म्हटलं, तो निरोप अब्बांचा होता, माझा नाही. आणि तुमचं पत्र त्यांना वाचून दाखवलं, सगळं, शेवटच्या ओळींसकट.

त्यांना बाकी सगळं समजलं, पण उभं राहणं समजेना. "नाचात उभा राहिला म्हणजे कसा उभा राहिला?" सांगून कळेना. मग मी उठले, ओढणीचा फेटा बांधला, हाताची घडी घातली, छाती पुढं काढली आणि अंगणाकडे तोंड करून उभी राहिले. त्या बघत राहिल्या. म्हणाल्या, "आणि मडम?" मी म्हटलं, ती आता तिकडून येईल आणि पडेल. तर तुमच्या आई त्या दुखऱ्या सांध्यांनी उठल्या, पदर खोचून पडवीच्या टोकाला गेल्या, तिथून दोन्ही हात पसरून लंगडत आल्या आणि खरोखरच माझ्या अंगावर पडल्या. मी हलले, त्यांना धरलं, आणि दोघीही खाली बसलो. इतक्या हसलो की श्वास घेता येईना.

तेवढ्यात बघते तर अंगणात अब्बा. मला कर्ल्याच्या वाटेला जाताना कोणीतरी पाहिलं होतं, ते मागोमाग आले होते. किती वेळ उभे होते कोण जाणे. माझा फेटा सुटलेला, शहरबानूखालांचं डोकं माझ्या मांडीवर.

"हे तुला कोणी शिकवलं?" त्यांनी विचारलं.

"माझ्या नवऱ्यानं," मी म्हटलं.

शब्द तोंडातून निघून गेला. मला वाटलं आता जमीन दुभंगेल तर बरं. शहरबानूखाला सरळ उठून बसल्या. अब्बांनी टोपी काढली, पुन्हा घातली. म्हणाले, "निकाहाआधी नवरा म्हणतेस?"

"म्हणून तर तारीख धरा म्हणते."

ते हसले नाहीत. पायरीवर बसले. मी तुमचं पत्र त्यांच्या हातात दिलं. त्यांनी ते वाचलं, खुंट्यांपाशी थांबून पुन्हा वाचलं, आणि गनीभाईंच्या जागी आले तेव्हा त्यांनी खांद्यावरच्या पंच्यात तोंड लपवलं. मग शहरबानूखालांकडे वळून म्हणाले, "पोरगी तर हातातून गेली. आता तारीख तरी आपण ठरवू."

बकरी ईदनंतरचा जुम्मा ठरला आहे. मोहल्ल्यात मी तुमचं नाव घेऊन बसले आहे, त्यामुळं आता माघारी फिरायला मला वाट नाही, आणि मला ती नकोही आहे. लोक बोलतात. मी सरळ त्यांच्या तोंडाकडे बघते, तर तेच गोंधळतात. साहेबाकडे रजा मागा. मिळाली नाही तर न मागता या.

यूनुस, मी तुम्हांला एकदाही पाहिलेलं नाही, आणि तरी मला तुमची फार आठवण येते. हे वेडेपण आहे, मला समजतं. लवकर या.

तुमची,
हमीदा